फ्लामेलचा परीस आणि पेर्नेलचे पैसे

शाळेत असताना 'हॅरी पॉटर'चं पहिलं पुस्तक वाचलं, तेव्हा निकोलस फ्लामेल हे नाव मी रोलिंगबाईंच्या डोक्यातून आलेलं धरलं होतं. डम्बलडोरचा मित्र, वय 665, बायको पेरेनेल 658 वर्षांची. त्यांच्याकडे एक दगड, कुठल्याही धातूचं सोनं करणारा आणि अमर करणारं पेय देणारा. आपला परीसच म्हणा की. फरक इतकाच की आपला परीस लोखंडाला नुसता टेकवला की काम होतं, अमरत्वाची भानगड त्यात नसते. इंजिनिअरिंगच्या दुसऱ्या वर्षाला होस्टेलमधल्या एका मित्राने सांगितलं, की फ्लामेल खरा होता. मी दोन वडापावांची पैज लावली आणि हरलो.

खरा निकोला फ्लामेल चौदाव्या शतकातल्या पॅरिसमध्ये राहायचा. धंद्याने लेखनिक. छापखाना यायला अजून बराच काळ होता, त्यामुळे पुस्तकाची प्रत हवी असेल किंवा एखादा करार लिहून घ्यायचा असेल तर लोक अशा माणसाकडे जात. दुकान सें-जाक-द-ला-बूशरी या चर्चला लागून. त्याने पेर्नेल नावाच्या बाईशी लग्न केलं. ती आधी दोनदा विधवा झाली होती आणि दोन्ही नवऱ्यांकडून आलेली मालमत्ता तिच्याजवळ होती. नवराबायकोने घरं घेतली, भाड्याने दिली. मूलबाळ नव्हतं, त्यामुळे चर्चला भरपूर दान दिलं. 1397 मध्ये पेर्नेल वारली आणि 1418 मध्ये तो.

गोष्ट इथे संपायला हवी होती. पण एका नकलनविसाकडे इतका पैसा आलाच कुठून, हा प्रश्न लोकांना सुटेना. उत्तर समोर होतं: बायकोची मालमत्ता, घरभाडं आणि बरा चाललेला धंदा. ते कोणाला पटलं नाही. त्यापेक्षा परीस पटला.

1612 मध्ये, म्हणजे फ्लामेल मेल्यावर 194 वर्षांनी, पॅरिसमध्ये त्याच्या नावाने एक पुस्तक छापलं गेलं. त्यात तो 'मी' म्हणून बोलतो. दोन फ्लोरिनला एक विचित्र जुना ग्रंथ मिळाला, अब्राहम नावाच्या ज्यू पंडिताचा. वर्षानुवर्षं चित्रांचा अर्थ लागेना, म्हणून स्पेनची यात्रा केली, तिथे एका जाणकाराने उलगडा केला. मग 17 जानेवारी 1382 रोजी पाऱ्याची चांदी झाली आणि 25 एप्रिलला सोनं. तारखा अशा ठोकून दिल्यात की लॉग फाइल वाचल्यासारखं वाटतं. (बनावट गोष्टीत तपशील जरा जास्तच नेमके असतात, हा माझा डीबगिंगमधला अनुभव.) फ्लामेलने इनोसाँ दफनभूमीत कमान बांधून तिच्यावर धार्मिक चित्रं कोरून घेतली होती. या पुस्तकाने ती चित्रं म्हणजे किमयेचं गुपित असल्याचं सांगितलं.

आणि पेर्नेल? ती या पुस्तकात आहे. पाऱ्याची चांदी होताना शेजारी फक्त तीच हजर असते. जिच्या मालमत्तेवर त्या घराची सुबत्ता उभी होती, ती किमयेची साक्षीदार होऊन उरली. मला या सगळ्या प्रकरणात सगळ्यात जास्त खटकतं ते हेच.

गिटमध्ये कमिटच्या लेखकाचं नाव हा नुसता मजकूर असतो. तिथे कोणीही कोणाचंही नाव टाकू शकतं. माझ्या पहिल्या नोकरीत बिलिंगचं एक मॉड्यूल होतं, ते एका 'जीनियस' सिनियरने दोन रात्रींत लिहिलं अशी ऑफिसात दंतकथा होती. पुढे जुने ईमेल चाळताना कळलं, की त्याचं बरंचसं काम एका कंत्राटी मुलीने सहा महिने खपून केलं होतं. तिच्या कामाची गोष्ट कंटाळवाणी होती. दोन रात्रींची गोष्ट चहाबरोबर छान लागायची.

1612 च्या पुस्तकाला मोठेमोठे भुलले. न्यूटननेही फ्लामेलच्या नावचा हा मजकूर वाचून टिपणं काढली. तो हिशेबी माणूस, पण किमयेवर त्याने आयुष्यातली कितीतरी वर्षं घालवली. शेवटी 1761 मध्ये व्हिलँ नावाच्या एका पाद्र्याने चर्चच्या दप्तरातली जुनी कागदपत्रं काढून फ्लामेलचा चिकित्सक इतिहास लिहिला. दानपत्रं, घरांचे व्यवहार, जमाखर्च. सोनं कुठेच नाही. किमयेच्या भक्तांनी अर्थातच ते मनावर घेतलं नाही.

मोंमोरान्सी रस्त्यावर 51 नंबरचं घर आजही उभं आहे, 1407 मध्ये फ्लामेलने बांधलेलं. तळमजल्यावर आता रेस्तराँ आहे. दर्शनी भिंतीवरचा लेख सांगतो, की या घरात राहणाऱ्या कष्टकऱ्यांनी रोज मृतांसाठी प्रार्थना म्हणायची. म्हणजे गरिबांना आसरा आणि त्या बदल्यात दोन प्रार्थना, असा सरळ व्यवहार.

चर्च फ्रेंच क्रांतीनंतर पाडलं गेलं, फक्त मनोरा राहिला. फ्लामेलच्या थडग्याचा दगड एका दुकानात भाजी चिरायला वापरला जात होता म्हणतात. तो आता क्ल्यूनी संग्रहालयात आहे. त्यावर त्याची ओळख 'लेखनिक' एवढीच कोरली आहे आणि खाली चर्चला दिलेल्या दानाची नोंद. पेर्नेलला इनोसाँ दफनभूमीत पुरलं होतं. 1780 च्या दशकात ती दफनभूमी उपसली गेली आणि तिथली हाडं शहराखालच्या खाणींमध्ये हलवली.