सेंट डन्स्टन-इन-द-ईस्ट
लंडनच्या प्राचीन नगरभागातील एक भग्न अँग्लिकन चर्च. टेम्स नदीच्या उत्तरेस, लंडन पूल व टॉवर ऑफ लंडन यांच्या साधारण मध्यावर ते आहे. दुसऱ्या महायुद्धातील बाँबवर्षावात १९४१ मध्ये ते उद्ध्वस्त झाले आणि त्यानंतर त्याची पुनर्बांधणी झाली नाही. मनोरा व शिखर, तसेच उत्तर आणि दक्षिण बाजूंच्या भिंती एवढेच भाग आज उभे असून त्यांच्या आवारात सार्वजनिक उद्यान करण्यात आले आहे.

कँटरबरीचे आर्चबिशप सेंट डन्स्टन (मृत्यू ९८८) यांच्या नावाने इ. स. ११०० च्या सुमारास या चर्चची स्थापना झाली. फ्लीट स्ट्रीटवरील त्याच नावाच्या चर्चहून वेगळे ओळखता यावे, म्हणून त्यास ‘पूर्वेकडील’ असे विशेषण लागले. १३९१ मध्ये त्याला दक्षिण पार्श्ववीथी जोडण्यात आली. सोळाव्या शतकातील धर्मसुधारणेनंतर इंग्लंडमधील इतर चर्चप्रमाणे तेही अँग्लिकन पंथाच्या ताब्यात आले.

१६६६ च्या मोठ्या आगीत चर्चची अतोनात हानी झाली. आगीत सापडलेली बहुतेक चर्च नव्याने बांधण्यात आली. येथे मात्र १६६८–७१ या काळात जुन्याच भिंतींची डागडुजी करून काम भागविण्यात आले. पुढे सर ख्रिस्टोफर रेन (१६३२–१७२३) या वास्तुविशारदाने १६९५–१७०१ या काळात मनोरा व शिखर यांची भर घातली. अभिजात शैलीचा पुरस्कर्ता असलेल्या रेनने येथे गॉथिक शैली स्वीकारली, ती मूळ मध्ययुगीन इमारतीशी मेळ राहावा म्हणून. मनोऱ्याच्या चार कोपऱ्यांवर चार टोकदार स्तंभिका असून त्यांच्या लगतच्या भागातून चार अर्धकमानी धिरे आत झुकत वर जातात आणि मध्यभागी एकत्र येऊन सुईसारखे निमुळते शिखर तोलून धरतात. शिखराखालची जागा मोकळी असल्याने ते अधांतरी भासते. न्यूकॅसल येथील सेंट निकोलस चर्चचे पंधराव्या शतकातील शिखर हा या रचनेचा पूर्वादर्श होय. अर्धकमानींचा बाहेरच्या दिशेचा रेटा कोपऱ्यांतील स्तंभिकांच्या भाराने खाली वळविणे, हे या रचनेतील मुख्य तत्त्व आहे.

शिखरात कौशल्याने पेललेला हाच रेटा चर्चच्या मुख्य इमारतीला मात्र पेलवला नाही. छताच्या भाराने मध्यवीथीच्या भिंती बाहेर झुकत गेल्या. १८१७ पर्यंत त्या ओळंब्यापासून सु. १८ सेंमी. ढळल्या होत्या. प्रथम केवळ वरचा भाग उतरविण्याचा विचार होता. परंतु खालचे बांधकामही निकामी झाल्याचे आढळल्याने मनोरा तेवढा राखून उर्वरित चर्च पाडण्यात आले. नवी इमारत डेव्हिड लेंग याने विल्यम टाइटच्या साहाय्याने पर्पेंडिक्युलर या उत्तर गॉथिक शैलीत बांधली. तिचे बांधकाम पोर्टलंडच्या चुनखडकाचे असून अंतर्भाग सु. ३५ मी. लांब व २० मी. रुंद होता. सडपातळ जुडीस्तंभ व टोकदार कमानी यांनी मध्यवीथी व पार्श्ववीथी विभागल्या होत्या. १८२१ च्या जानेवारीत हे चर्च उपासनेसाठी खुले झाले. आजच्या भग्न भिंती या बांधकामातील असल्याने, दिसण्यात मध्ययुगीन वाटल्या तरी त्या रेनच्या मनोऱ्याहून शतकाहून अधिक काळाने अर्वाचीन आहेत.

१९४१ च्या बाँबवर्षावात छत व अंतर्भाग नष्ट झाले. दिसावयास सर्वांत नाजूक असलेले शिखर मात्र टिकले. पुनर्बांधणी न होण्यामागे नगरातील वस्तीचा ऱ्हास हेही कारण होते. एकोणिसाव्या शतकापासून रहिवासी उपनगरांत गेले आणि त्यांच्या जागी कचेऱ्या व गुदामे आली. १८६० च्या कायद्याने पॅरिशांच्या एकत्रीकरणास वाट मिळून रेनची अनेक चर्च पाडली गेली होती. युद्धोत्तर पुनर्रचनेत सेंट डन्स्टनचा पॅरिश जवळच्या ऑल हॅलोज बाय द टॉवर या चर्चला जोडण्यात आला. १९५० मध्ये अवशेषांना प्रथम श्रेणीच्या संरक्षित वास्तूचा दर्जा मिळाला. लंडन नगर निगमाने १९६७ मध्ये तेथे उद्यान करण्याचे ठरविले व १९७१ मध्ये ते खुले झाले. मध्यवीथीच्या जागी आता लहानसे कारंजे असून खिडक्यांच्या दगडी जाळ्यांतून वेली चढल्या आहेत. मनोऱ्यातील घंटा कॅलिफोर्नियातील नापा खोऱ्यात एका मद्यनिर्मितीगृहाकडे गेल्या.

उपासकांअभावी चर्चचा मूळ उपयोग संपला, तरी इमारत पाडून जागा व्यापारी वापरास दिली गेली नाही, हे या वास्तूच्या इतिहासातील वेगळेपण आहे. पूर्वी उपयोग संपलेली चर्च सर्रास पाडली जात. येथे भग्नावस्था तशीच राखल्याने अग्नी, दुरुस्तीतील काटकसर, पुनर्बांधणी व युद्ध या चारही घटनांच्या खुणा एकाच ठिकाणी वाचता येतात.