दात बांधण्यापासून भाकरीपर्यंत

मुंबई–आग्रा आणि सुरत–नागपूर हे दोन महामार्ग धुळ्यात एकमेकांना छेदतात. त्यातला दुसरा पुढे थेट जळगावातून जातो. अशा रस्त्यावर मोटारसायकलस्वार तोंडावर आपटला की खालचा जबडा मोडतो. तोही बहुधा ठरावीक जागी: कानापुढच्या सांध्यालगत, जबड्याच्या कोनात किंवा हनुवटीजवळ. हाड घोड्याच्या नालेच्या आकाराचे, त्यामुळे मार एका बाजूला लागला तरी दुसरी बाजू तपासावीच लागते.

जबडा बसवण्याची विद्या फार जुनी. सुश्रुतसंहितेच्या चिकित्सास्थानात निखळलेला जबडा शेकून, जागेवर आणून पंचांगी, म्हणजे पाच टोकांच्या, बंधाने बांधायला सांगितले आहे. ग्रीसमध्ये हिपोक्रेटिसच्या परंपरेत मोडलेल्या जागेशेजारचे दात सोन्याच्या तारेने बांधत. 1887 साली अमेरिकेतल्या थॉमस गिल्मर यांनी वरचे आणि खालचे दातच एकमेकांना तारेने जखडले. दात पूर्वीसारखे एकमेकांवर बसले की हाडाचे तुकडेही आपसूक जागेवर येतात, हे त्यामागचे गमक.

उपाय खात्रीचा, पण रुग्णाची परीक्षा पाहणारा. चार ते सहा आठवडे तोंड बंद. कळण्याची भाकरी आणि वांग्याचे भरीत खाणाऱ्या खानदेशी माणसाला वरणाचे पाणी, ताक आणि पेज दातांच्या फटीतून ओढून दिवस काढायचे. उलटी झाली तर श्वास कोंडू नये म्हणून तार कापायचे हत्यार उशाशीच ठेवायचे.

हाड उघडून जोडायला शल्यचिकित्सक कचरत, कारण तोंडातले जंतू जखमेत शिरून ती पिकत असे. 1940च्या दशकात पेनिसिलिन हाती आले आणि ही धास्ती बरीच कमी झाली. मग प्रश्न उरला तो चीर कुठे द्यायची याचा.

टोरांटोचे फुल्टन रिस्डन यांनी 1934 मध्ये आखडलेला सांधा सोडवण्यासाठी जबड्याच्या कोनाखालची चीर वर्णिली होती. तीच वाट मोडलेल्या हाडासाठीही उपयोगी पडली. मात्र या वाटेवर खालचा ओठ हलवणारी चेहऱ्याच्या नसेची एक बारीक फांदी आडवी येते. ती दुखावली तर हसताना ओठ वाकडा होतो. 1962 मध्ये डिंगमन आणि ग्रॅब यांनी मृतदेहांच्या चेहऱ्यांच्या 100 बाजू उलगडून पाहिल्या. चेहऱ्याच्या धमनीच्या मागे 19 टक्के ठिकाणी ही नस हाडाच्या कडेखाली उतरलेली आढळली, जास्तीत जास्त 1 सेंटिमीटर. म्हणूनच आजही चीर कडेपासून दीड ते दोन सेंटिमीटर खाली, मानेच्या सुरकुतीत देतात.

दुसरी वाट तोंडातूनच निघाली. बोर्दोच्या मिशेले यांनी 1973 मध्ये हाड जोडायला धातूच्या छोट्या प्लेट वापरल्या. पुढे स्ट्रासबुर्गच्या मॅक्सिम शाँपी यांनी चावताना हाडावर ताण कुठे पडतो ते अभ्यासून 1978 मध्ये प्लेटच्या जागा दाखवून दिल्या: कोनापाशी वरच्या अंगाला एक, हनुवटीत दोन. हिरडीखालच्या मऊ त्वचेतून चीर, हाडाच्या बाहेरच्या थरापुरते स्क्रू, आणि चेहऱ्यावर व्रण नाही. जपायची ती हनुवटीच्या छिद्रातून ओठाला संवेदना देणारी नस. रुग्णाला काही दिवसांत मऊ भात खाता येतो. भाकरीला मात्र हाड पक्के सांधेपर्यंत थांबावे लागते.

ही विद्या शिकवणाऱ्या संस्था खानदेशापासून लांब होत्या. मुंबईत नायर दंत महाविद्यालय 1933 मध्ये सुरू झाले, नागपुरात शासकीय दंत महाविद्यालय 1968 मध्ये. आता धुळ्यात साक्री रस्त्यावर एसीपीएम दंत महाविद्यालय आहे, भाऊसाहेब हिरे शासकीय वैद्यकीय महाविद्यालय आहे, आणि जळगावचे शासकीय वैद्यकीय महाविद्यालय 2018 पासून चालू आहे. अपघातानंतरचे पहिले तास मोलाचे असताना घराजवळची ही सोय मोठी आहे.

तार मात्र हद्दपार झालेली नाही. सांध्यालगतच्या काही मोडींवर, विशेषतः लहान मुलांमध्ये, शस्त्रक्रिया टाळून दात थोडे दिवस बांधणेच पसंत केले जाते. हाडाचा चुरा झाला असेल तर बाहेरून चीर देऊन मोठी प्लेट बसवावी लागते. आणि प्लेट बसवतानाही आधी वरचे-खालचे दात तात्पुरते तारेने बांधून घेतात, मगच स्क्रू आवळतात.