गाणं इकडे, चित्र तिकडे

बँकेत वीस वर्षं खर्डेघाशी केली, की माणसाला जगात दोनच बाजू दिसू लागतात : नावे आणि जमा. केडगावच्या आमच्या घरी दुधाच्या हिशेबात पाच रुपये जुळले नाहीत, तरी मला घास उतरत नाही. परवा विरंगुळा म्हणून बोलपटांचा इतिहास वाचायला घेतला, तर तिथेही जुळवाजुळवच!

६ ऑगस्ट १९२६ला न्यूयॉर्कमध्ये वॉर्नर बंधूंनी ‘व्हायटाफोन’चा पहिला खेळ केला. मुख्य चित्रपट ‘डॉन जुआन’. पण त्याआधी छोटे छोटे लघुपट दाखवले. कुणी गातोय, कुणी व्हायोलिन वाजवतोय. कथा नाही, खलनायक नाही. मार्तिनेल्ली या ऑपेरा-गायकानं तर तेवढ्यात बाजी मारली. मग काय, नाचगाण्यांच्या लघुपटांचं पीकच आलं.

गंमत अशी, की चित्र फिल्मवर आणि आवाज सोळा इंची तबकडीवर! तबकडी साधारण वीसदा वाजवायची, दर वेळी लेबलावरच्या चौकटीत खूण करायची, मग नवी घ्यायची. वाचून ऊर भरून आला. म्हणजे हॉलिवूडच्या गाण्यालाही कारकून लागत होता! सुई घसरली, की ओठ एकीकडे नि सूर भलतीकडे.

पुढे कितीतरी फिल्मा नि तबकड्यांची ताटातूट झाली. १९९१पासून ‘व्हायटाफोन प्रोजेक्ट’ची हौशी मंडळी त्यांच्या गाठी पुन्हा बांधताहेत. आपला ‘आलम आरा’ १४ मार्च १९३१ला मुंबईच्या मॅजेस्टिकमध्ये लागला. सात गाणी होती. आज त्याची एकही प्रत हाती नाही. खातंच बंद!

हे मी आईला सांगितलं. ती म्हणाली, “माझ्याकडं नुसत्या तबकड्याच आहेत की.”

तिच्या लहानपणी गावच्या जत्रेत तंबूचा सिनेमा यायचा. तिकिटाचे पैसे मामाला मिळत; पोरीच्या जातीला सिनेमा कशाला? ही तंबूच्या कनातीला पाठ लावून बाहेर बसायची. गाणी सगळी पाठ, चित्र एकाचंही नाही.

साठ वर्षांची बाकी! मी तिथल्या तिथे मोबाईलवर एक गाणं शोधून तिच्यापुढे धरलं. तिनं ते शेवटपर्यंत पाहिलं.

“हिरो फारच थोराड निघाला रे,” ती म्हणाली. “माझा बरा होता.”

मग फोन परत देत म्हणाली, “आणि तुझा मामा. सगळे सिनेमे आत बसून पाहिले. विचार त्याला, एक तरी गाणं येतं का.”

मी वही मिटली. रात्री जेवण मात्र व्यवस्थित गेलं.