मोत्याने अडवलेली घटका

‘लीलावती’ म्हटले की आपल्याला गणिताच्या आधी एक शापकथा आठवते. भास्कराचार्यांच्या मुलीच्या पत्रिकेत वैधव्याचा योग होता. तो टळावा म्हणून त्यांनी अचूक मुहूर्त काढला, घटिकापात्र मांडले; पण मुलीच्या अंगावरचा एक मोती पात्रात पडला, छिद्र बुजले आणि मुहूर्त टळला. लग्न लागले, पण मुलगी विधवा झाली. तिच्या दुःखावर उतारा म्हणून पित्याने तिला गणित शिकवले आणि ग्रंथाला तिचे नाव दिले. या कथेला आधार काय?

भास्कराचार्यांचा जन्म शके १०३६चा, म्हणजे इ.स. १११४चा. वयाच्या छत्तिसाव्या वर्षी त्यांनी ‘सिद्धांतशिरोमणी’ रचला. ‘लीलावती’ हा त्याचा पहिला भाग. कथेचा आज ज्ञात असलेला सर्वांत जुना लिखित आधार मात्र अकबराच्या दरबारातला आहे. १५८७मध्ये फैझीने ‘लीलावती’चे फारसी भाषांतर केले आणि प्रस्तावनेत ही हकीकत दिली. मध्ये ४३७ वर्षे गेली होती. फैझीही ती ‘असे सांगतात’ म्हणूनच सांगतो.

त्याच्या कथेत वैधव्य नाही. मुलगी अविवाहित आणि निःसंतान राहील, एवढेच भाकीत आहे. मोती पडतो तो मुलगी पात्रावर वाकल्यामुळे. छिद्रातून पाणी आत कसे येते हे तिला पाहायचे असते. आपल्याकडे प्रचलित झालेल्या कथेत वैधव्य आले, आणि मुलीच्या कुतूहलाची जागा बहुधा निव्वळ अपघाताने घेतली.

घटिकापात्र म्हणजे तळाशी बारीक छिद्र असलेली तांब्याची वाटी. ती पाण्यावर तरंगत ठेवायची. भरून बुडाली की एक घटका, म्हणजे २४ मिनिटे झाली. अहोरात्राच्या अशा ६० घटका. ‘घटका भरली’ हा वाक्प्रचार आपण आजही मरणाच्या संदर्भात वापरतो. ज्या समाजात लग्नाची वेळ या वाटीवर ठरत असे, तिथे ही कथा खरी वाटली यात नवल नाही.

घराण्याचा अस्सल पुरावा चाळीसगावजवळच्या पाटण येथे आहे. डॉ. भाऊ दाजी लाड यांनी एकोणिसाव्या शतकात उजेडात आणलेला तिथला शिलालेख इ.स. १२०७चा. भास्कराचार्यांचे नातू चांगदेव यांनी आजोबांच्या ग्रंथांच्या अध्ययनासाठी मठ स्थापल्याची त्यात नोंद आहे. वंशावळीत त्रिविक्रमापासून महेश्वर, भास्कर, लक्ष्मीधर, चांगदेव अशी नावे येतात. मुलीचे नाव नाही. पण ही वंशावळ पुरुषांचीच आहे. तेव्हा तिच्या मौनावरून मुलगी नव्हतीच, असेही म्हणता येत नाही.

मग उरतो तो ग्रंथ. त्यात ‘लीलावती’ला ‘बाले’ म्हणून हाक आहे, तिला बुद्धिमती म्हटले आहे. पण कमळात अडकलेल्या भुंग्याच्या उदाहरणात संबोधन ‘कांते’ असे आहे, आणि इतरत्र ‘सखे’, ‘मित्रा’ अशाही हाका येतात. ‘कांते’ हे मुलीला उद्देशून शोभत नाही. ती मुलगी, पत्नी की केवळ कल्पित विद्यार्थिनी, याचा निर्णय यावरून होत नाही. दुःखाची खूण मात्र ग्रंथात कुठे नाही. हंस, माकडे, मोत्यांचा हार, सापावर झेपावणारा मोर, अशी प्रसन्न उदाहरणे आहेत.

कथेने एका नावाला शतकानुशतके जिवंत ठेवले, हे मान्य. पण त्याची किंमत मोठी आहे. बाईच्या हाती गणित आले ते संसार मोडल्यावर, सांत्वन म्हणून, असे ती शिकवते. आणि पाणी कसे शिरते हे पाहू इच्छिणाऱ्या मुलीला शिक्षा करते. भास्कराचार्यांनी ‘गोलाध्याया’त यंत्रांची यादी दिली आहे. तीत घटीयंत्र आहे. पण खरे यंत्र एकच, ते म्हणजे बुद्धी, असा त्यांचा निर्वाळा आहे. पात्रात डोकावणारी ती मुलगी हेच यंत्र वापरत होती.