येशूचा चित्रपट आणि अलिस गी

मराठी माणसाला आपल्या चित्रपटाची जन्मकथा तोंडपाठ असते. मुंबईचे अमेरिका-इंडिया पिक्चर पॅलेस, पडद्यावर येशू ख्रिस्ताचे चरित्र, प्रेक्षकांत दादासाहेब फाळके. आणि मग ३ मे १९१३ ला ‘राजा हरिश्चंद्र’. येशूचा तो चित्रपट कोणी केला, हे मात्र कथा सांगणारे सहसा सांगत नाहीत. कोणी तो पाथे कंपनीचा मानतात, कोणी गोमाँ कंपनीचा, १९०६ चा. हा वाद सुटायचा तेव्हा सुटो. गोमाँचा चित्रपट एका बाईने केला होता, आणि मला तिच्याविषयी सांगायचे आहे.

अलिस गी १८७३ साली जन्मली. कॅमेरे विकणाऱ्या लेऑं गोमाँची ती सचिव. कचेरीचे काम अडू द्यायचे नाही, या अटीवर मालकाने परवानगी दिली आणि कोबीच्या गड्ड्यांत बाळे सापडतात या लोकसमजुतीवर तिने एक इवलासा चित्रपट केला. तिच्या सांगण्यानुसार साल १८९६. पुढे १९०७ पर्यंत गोमाँची चित्रपटनिर्मिती तिच्याच हाती होती. ध्वनिमुद्रिकेशी जुळवलेले शंभराहून अधिक बोलके-गाते तुकडेही तिने केले.

येशूच्या चित्रपटात २५ दृश्ये आहेत, लांबी अर्ध्या तासाच्या आसपास. दृश्यांची मांडणी चित्रकार तिसो यांच्या बायबल-चित्रांवरून घेतलेली. कॅमेरा बहुधा एका जागी खिळलेला. पडदा उघडावा तसे एकेक दृश्य येते. झाडीपट्टीची नाटके रात्र-रात्र पाहिलेल्या माझ्यासारख्या आरमोरीकराला ते परके वाटत नाही. पण बाहेरची दृश्ये फाँतेनब्लोच्या जंगलात घेतली आहेत, आणि तिथे चित्र एकदम मोकळे होते. येशूचा चेहरा पुसणारी वेरोनिका येते तेव्हा कॅमेरा जवळ जातो. मला तर हे दृश्य साऱ्या चित्रपटात उजवे वाटते. पुढे अमेरिकेत तिने सोलॅक्स ही स्वतःची कंपनी काढली. तिथल्या स्टुडिओत नटांसाठी पाटी होती : सहज वागा.

तिचे नाव गेले कसे? त्या काळी पडद्यावर दिग्दर्शकाचे नाव येतच नसे, कंपनीची खूण तेवढी असे. आमच्याकडे नाटकाच्या पत्रकावर ऑर्गनवाल्याचेही नाव छापतात! सरस्वतीबाई फाळके फिल्मला भोके पाडत, हेही आपण निदान सांगतो. इथे मात्र जॉर्ज सादूलसारख्या मोठ्या इतिहासकाराने येशूचा चित्रपट तिचा मदतनीस जासे याच्या नावावर टाकला. घटस्फोटानंतर ती १९२२ मध्ये फ्रान्सला परतली. दिग्दर्शनाचे काम मिळाले नाही. आपल्या चित्रपटांची यादी तिने आठवून-आठवून लिहिली, आठवणीही लिहिल्या. त्यांना प्रकाशक मिळेना. १९६८ मध्ये ती न्यू जर्सीत वारली आणि पुस्तक निघाले १९७६ मध्ये.