एकच गाणं, १० शिलिंग

"एका गाण्यापुरता आला आणि गेला," असं आपण एखाद्या गायकाबद्दल सहज बोलून जातो. पण गाणं कुठं जात नाही. ते वर्षानुवर्षं कमावत राहतं. कुणासाठी, ते कागदावरची सही ठरवते.

सॉलोमन लिंडा हा दक्षिण आफ्रिकेतला झुलू गायक. जोहान्सबर्गला गॅलो या रेकॉर्ड कंपनीत पॅकिंगच्या कामावर होता. १९३९ मध्ये त्याच कंपनीच्या स्टुडिओत त्यानं आपल्या साथीदारांसोबत 'म्बुबे' गायलं. म्बुबे म्हणजे सिंह. गाता गाता ऐनवेळी सुचलेली चाल त्यानं तिथंच टाकली. रेकॉर्ड लाखाच्या आसपास खपली. लिंडाला मिळाले १० शिलिंग, आणि हक्क गेले कंपनीकडे.

पुढं ती रेकॉर्ड अमेरिकेत पीट सीगरच्या हाती लागली. त्याला झुलू येत नव्हतं. 'उयिम्बुबे'चं त्यानं 'विमोवे' ऐकलं. १९६१ मध्ये 'द टोकन्स'नं तीच चाल इंग्रजी शब्दांत गायली आणि 'द लायन स्लीप्स टुनाइट' अमेरिकेत एक नंबरला गेलं. १९९४ मध्ये ती डिस्नेच्या 'द लायन किंग'मध्ये आली. आपल्याकडच्या पोरांनाही ती माहितीये.

लिंडा मात्र १९६२ मध्येच किडनीच्या आजारानं गेला. कबरीवर दगड बसायला १८ वर्षं लागली.

२००० साली रियान मलान या पत्रकारानं हे सगळं खणून लिहिलं. मग वकिलांना १९११ चा ब्रिटिश कॉपीराइट कायदा सापडला. त्यात लेखक-संगीतकाराच्या मृत्यूनंतर २५ वर्षांनी विकलेले हक्क वारसांकडे परत येण्याची तरतूद होती. २००४ मध्ये डिस्नेवर दावा पडला, २००६ मध्ये तडजोड झाली आणि लिंडाच्या मुलींना रॉयल्टी सुरू झाली.

हाच कायदा १९१४ पासून भारतातही होता. आज आपल्याकडे २०१२ ची दुरुस्ती आहे. गीतकार-संगीतकारानं गाण्याचे हक्क विकले, तरी रॉयल्टीतला त्याचा वाटा लिहून घेता येत नाही. फक्त थिएटरात सिनेमासोबत वाजणारं गाणं याला अपवाद.

आपल्या तालुक्यात जत्रेची, हळदीची, भीमगीतं लिहिणारी, चाली लावणारी पोरं आहेत. एखाद्याचं एखादं गाणं उद्या गाजेलही. गड्यांनो, सही करण्याआधी कागद वाचा. समजला नाही तर वकिलाला दाखवा. दुसरं गाणं गाजेलच याची खात्री कुणीच देत नाही.