स्कॉट राजांची बनावट नामावळी आणि ती पुसणारा पाद्री

एडिंबरो येथील होलीरूड राजवाड्याच्या मोठ्या दालनांत स्कॉटलंडच्या राजांच्या तसबिरी भिंतीवर ओळीनें लाविलेल्या आहेत. याकोब द वेट नांवाच्या एका डच चिताऱ्यानें १६८४ ते १६८६ या अवधींत, करार करून, त्या काढून दिल्या. मूळची संख्या शंभरावर. पहिला राजा फर्गस. त्याचा काल ख्रिस्तपूर्व ३३० हा धरलेला. त्याच्यापासून स्टुअर्ट घराण्यापर्यंत मालिकेंत कोठें खंड नाहीं. आम्हीं या तसबिरींचीं छायाचित्रें पाहिलीं आहेत. दोन हजार वर्षांच्या या राजमालिकेंत पुष्कळांचें नाक एकाच धाटणीचें, मोठें असें आहे. वंशाचें सातत्य चिताऱ्यानें नाकानें साधलें म्हणावयाचें. यांत हंसण्यासारखें कांहीं आहे खरें; परंतु या ओळींतील पहिले चाळीस राजे या भूतलावर कधीं जन्मासच आले नव्हते, ही गोष्ट हंसून सोडून देण्यासारखी नाहीं.

हे चाळीस राजे कोणीं निर्मिले, त्यांच्या अस्तित्वावर कोणाकोणाचें काय अवलंबून होतें, आणि अखेर त्यांस इतिहासांतून हद्दपार करण्याचें काम त्याच राजघराण्याच्या एका निष्ठावंत सेवकानें कसें केलें, हें थोडक्यांत सांगण्याचा प्रस्तुत निबंधाचा हेतु आहे. या विषयाकडे आम्ही वळलों त्यास एक खासगी कारणहि झालें; तें शेवटीं सांगूं. महाराष्ट्राच्या इतिहासाचा अभ्यासक स्कॉटलंडास अगदींच अपरिचित नाहीं. १८२६ सालीं मराठ्यांचा इतिहास इंग्रजींत प्रसिद्ध करणारा जेम्स ग्रँट डफ हा स्कॉटलंडच्या ईशान्येकडील बँफ गांवचा, व ॲबर्डीन येथें शिकलेला. ज्यानें हे चाळीस राजे मांडले तो ॲबर्डीनच्याच एका विद्यालयाचा पहिला मुख्याध्यापक, आणि ज्यानें ते पुसले तोहि त्याच मुलखांतला. ग्रँट डफाच्या चुका काढण्यांत आमच्या कित्येक पिढ्या खपल्या. त्याच्या मायदेशानें स्वतःच्या इतिहासाशीं कसा व्यवहार केला, हें मात्र आपल्याकडे फारसें कोणीं पाहिलेलें नाहीं.

मूळ भांडण वरिष्ठपणाचें. १२८६ सालीं राजा तिसरा अलेक्झांडर एका वादळी रात्रीं घोड्यावरून जातांना मरण पावला, आणि १२९० त त्याची वारस असलेली नातहि वारली. गादीचा वाद तोडण्यास इंग्लंडचा पहिला एडवर्ड पंच म्हणून आला आणि धनी होऊन बसला. आपल्या वरिष्ठपणास पुरावा मिळावा म्हणून त्यानें मठामठांतून जुन्या बखरी धुंडाळविल्या. १२९६ त स्वारी करून त्यानें राज्यारोहणाची शिळा व सरकारी दप्तर हीं दोन्ही इंग्लंडांत नेलीं. शिळा सातशें वर्षांनीं, १९९६ त, परत आली व २०२४ पासून पर्थ येथील संग्रहालयांत आहे. दप्तराचा बराच भाग कायमचा नाहींसा झाला. ज्या राष्ट्राचें दप्तर गेलें त्यास आपलें जुनेपण कशानें सिद्ध करावें हा प्रश्न पडणारच. १३०१ मध्यें वाद पोपपुढें गेला. एडवर्डाची कैफियत अशी कीं, ट्रॉयहून आलेल्या ब्रूटस नामक वीरानें हें बेट आपल्या पुत्रांस वांटून दिलें. थोरल्याच्या वांट्यास इंग्लंड आलें, सबब थोरल्याच्या वंशजाचा अधिकार श्रेष्ठ. स्कॉटांनीं उत्तर केलें कीं, आमची आदिमाता स्कोटा ही मिसर देशच्या फॅरोची कन्या. तुमच्या ब्रूटसशीं आमचें नातेंच नाहीं. कपोलकल्पित दाव्यास कपोलकल्पित जबाब! पुढें १३२० च्या एप्रिलांत आर्ब्रोथ येथून स्कॉट सरदारांच्या नांवें पोपास जें प्रसिद्ध पत्र गेलें, त्यांत आपल्या भूमीवर स्वकीय वंशाच्या एकशेंतेरा राजांनीं राज्य केलें, मध्यें परका एकहि शिरला नाहीं, असें नमूद आहे. हा आंकडा भीतीनें मोजलेला आहे. परंतु ती भीति खरी होती, हें विसरतां कामा नये.

आंकडा आला, नांवें कोठें होतीं? १२४९ सालीं स्कोन येथें त्याच तिसऱ्या अलेक्झांडरास बालपणीं गादीवर बसविलें, तेव्हां डोंगरी मुलखांतील एका वृद्ध भाटानें पुढें येऊन त्याची वंशावळ गेलिक भाषेंत पार आद्य पूर्वजापर्यंत म्हणून दाखविली, असें फॉर्डनचा जॉन हा १४व्या शतकांतील बखरकार लिहितो. आतां वंशावळींत बापाचा बाप, त्याचा बाप अशी चढण असते; त्यांतील प्रत्येक पुरुष राजा होता असें भाट म्हणत नाहीं. वंशावळ आणि राजावळी यांतील हा भेद बखरकार सोयीनें विसरतात. आमच्याकडील उदाहरणें वाचकांच्या डोळ्यांपुढें असतीलच. फॉर्डननें ख्रिस्तपूर्व काळांतील एक फर्गस व ख्रिस्तोत्तर पांचव्या शतकाच्या सुमाराचा दुसरा फर्गस धरून, मध्यें पंचेचाळीस राजे झाल्याचें सांगितलें. परंतु बहुतेकांचीं नांवें व वर्षें दिलीं नाहींत. इतपत संयम त्याच्यापाशीं होता. येथें आम्हांस कल्हणाचें स्मरण होतें. राजतरंगिणी लिहितांना त्यानें बावन्न राजांचें वृत्त लुप्त झाल्याचें मान्य केलें, जुन्या ग्रंथांतून सतरांचा उद्धार केला, आणि उरलेल्या पस्तिसांची जागा रिकामी ठेविली.

हेक्टर बोइस यास रिकामी जागा सोसली नाहीं. १५२७ त पॅरिस येथें छापलेल्या आपल्या लॅटिन इतिहासांत त्यानें चाळीस राजांस नांवें, वर्षें, स्वभाव व मरणें सर्व कांहीं बहाल केलें. कोणी न्यायी, कोणी स्त्रीलंपट. कोणास प्रजेनें पदच्युत केलें, कोणास ठार मारलें. आधार म्हणून तो व्हेरेमुंडस नांवाच्या एका प्राचीन लेखकाचा हवाला देतो. त्या लेखकाचा ग्रंथ मात्र कोणाच्याहि हातीं लागलेला नाहीं. बोइसाची लेखणी रसाळ होती एवढें खरें. स्टुअर्ट घराण्याचा मूळपुरुष म्हणून त्यानें उभा केलेला बँको हा पुढें हॉलिनशेडच्या बखरीच्या द्वारें शेक्सपिअरच्या मॅकबेथ नाटकांत शिरला आणि अमर झाला. न जन्मलेल्या माणसास याहून अधिक काय मिळावयाचें?

या राजांचा खरा उपयोग जॉर्ज बुकॅनन यानें केला. १५६७ त राणी मेरी हिला गादी सोडावयास लाविलें होतें. तें कृत्य न्याय्य ठरविण्यास बुकॅननला पूर्वाधार हवा होता, आणि बोइसाच्या ग्रंथांत प्रजेनें पदच्युत केलेले राजे तयार होते. १५८२ सालच्या आपल्या इतिहासांत त्यानें ते सर्व ठेविले. दुष्ट राजास काढण्याचा अधिकार स्कॉट लोकांस मूळापासून आहे, या महत्त्वाच्या सिद्धांताचा एक खांब अशा रीतीनें काल्पनिक माणसांच्या खांद्यावर उभा राहिला. राजपक्षाची अडचण आणखीच चमत्कारिक. बुकॅननचा सिद्धांत त्यांस विषासमान. परंतु दोन हजार वर्षांच्या वंशाचा अभिमानहि सुटेना. १६८४ त एका इंग्रज बिशपानें या नामावळीवर शंका घेतली, तेव्हां स्कॉटलंडचा सरकारी वकील सर जॉर्ज मॅकेंझी यानें दुसऱ्याच वर्षीं खंडनपर पुस्तक लिहिलें, आणि राजवंशाची लांबी कमी करणें हा राजद्रोहाचाच एक प्रकार होय, असा सूर लाविला. द वेटच्या तसबिरी याच दिवसांत रंगत होत्या.

आतां टॉमस इनस. हा १६६२ त जन्मला, कॅथलिक पाद्री झाला, व त्याचें बहुतेक आयुष्य पॅरिस येथील स्कॉट विद्यालयांत गेलें. १५६० त धर्मक्रांतीच्या वेळीं ग्लासगोचा आर्चबिशप बीटन तेथील धर्मपीठाचे जुने कागद घेऊन फ्रान्सांत गेला होता; तें दप्तर पॅरिसला होतें. इनसनें तें लाविलें, वाचलें, ताडून पाहिलें. १७२४ च्या सुमारास तो एडिंबरोस आला व वकिलांच्या ग्रंथालयांत हस्तलिखितें तपासीत बसला. या ग्रंथालयाचा संस्थापक म्हणजे तोच मॅकेंझी, ज्याच्या मतें हें काम राजद्रोहाचें! १७२९ त लंडनला इनसचा चिकित्सक निबंध छापून निघाला. त्याची रीत साधी आहे. जुन्यांत जुन्या नामावळ्या त्यानें पुढें ठेविल्या, त्यांतील कांहीं ग्रंथाच्या शेवटीं छापल्या, आणि दाखविलें कीं स्कॉट राजांचा आरंभ तेथें एर्कपुत्र फर्गसापासून होतो; त्यामागचे चाळीस कोठेंच नाहींत. मग फॉर्डनपाशीं काय होतें, बोइसानें काय घातलें, बुकॅननला काय आयतें मिळालें, हें त्यानें पायरीपायरीनें उलगडलें. कोठेंहि अपशब्द नाहीं. चाळीस राजे गेले ते परत आले नाहींत.

इनस निःपक्षपाती होता असें मात्र आम्ही म्हणणार नाहीं. तो परागंदा स्टुअर्टांचा एकनिष्ठ माणूस. ग्रंथ निघाला त्याच वर्षीं परागंदा जेम्स यास लिहिलेल्या पत्रांत, बुकॅननच्या राजविरोधी मताचा पाया उखडणें हाहि आपला उद्देश असल्याचें त्यानें कळविलें आहे. हेतु पक्षाचा, पण कागद खरे. म्हणून काम टिकलें. आणि त्यानें दिलेली किंमतहि लहान नव्हती: ज्या घराण्यासाठीं त्यानें देश सोडला, त्याच घराण्याचे सातशें-आठशें वर्षांचे पूर्वज त्यानें आपल्या हातानें खोडले. १७४४ त तो वारला. दोन वर्षांनीं, स्टुअर्टांच्या अखेरच्या बंडांत, होलीरूडला उतरलेल्या सरकारी शिपायांनीं त्या तसबिरींवर तलवारी चालविल्या. चित्रें पुढें दुरुस्त झालीं.

चाळीस राजे गेल्यावर राष्ट्राच्या मनांत जी पोकळी राहिली, ती जेम्स मॅक्फर्सननें १७६० नंतर ओसियन कवीच्या नांवावर काव्यें प्रसिद्ध करून भरली. तें प्रकरण सुविदित आहे. हस्तलिखितें दाखवा, असें सॅम्युएल जॉन्सन म्हणत राहिला. मूळ गेलिक ग्रंथ छापण्यासाठीं हिंदुस्थानांत कंपनीच्या नोकरींत असलेल्या डोंगरी स्कॉटांनीं वर्गणी करून सुमारें हजार पौंड पाठविले. आणि १८०७ त जें गेलिक छापलें गेलें तें बव्हंशीं इंग्रजीवरूनच मागें फिरविलेलें ठरलें. या शोधाशोधींत १६व्या शतकारंभीचें लिझमोरच्या डीनचें अस्सल बाड मात्र विद्वानांपुढें आलें.

आतां तें खासगी कारण. कांहीं वर्षांपूर्वीं एका परिचित घराण्यानें आपली सनद वाचण्यास आम्हांस बोलाविलें. मिती शिवकालीन, मोडी वळणदार, शिक्काहि उठविलेला. कागद उजेडापुढें धरतांच त्यांत परदेशी कारखान्याचें जलचिन्ह व १९व्या शतकांतील साल स्वच्छ दिसलें. मागाहून केलेली नक्कल म्हणावें तर शिक्का कां? घरांतील वृद्ध गृहस्थ शेजारीं हात जोडून उभे होते. अक्षर सुंदर आहे, एवढेंच आम्ही बोललों, आणि चहा घेऊन उठलों. तीस वर्षें मुलांस संस्कृत शिकवितांना पाठभेद लपविणाऱ्यास आम्हीं कधीं क्षमा केली नव्हती. ते गृहस्थ आतां नाहींत. त्यांचे चिरंजीव ती सनद कुलवृत्तांतांत छापणार असून प्रस्तावना आम्हींच लिहावी असा त्यांचा निरोप आला. आम्हीं प्रस्तावनेऐवजीं जलचिन्हाचा तपशील त्यांस लेखी कळविला आहे. उत्तर अद्याप आलेलें नाहीं.